हाताने काढलेल्या अॅनिमेशनमध्ये एका सेकंदासाठी खरंच २४ चित्रं काढावी लागतात का?

नाही, बहुतेक वेळा १२ पुरतात. फिल्म सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने धावते, पण प्रत्येक चित्र सलग दोन फ्रेम टिपतात. मधली हालचाल मेंदू स्वतःच जोडून घेतो. (प्रतिमा डोळ्याच्या पडद्यावर रेंगाळते म्हणून चित्र हलतं, हे शाळेतलं उत्तर अपुरं आहे.) खरी करामत दोन चित्रांमधल्या अंतरात असते. उडालेला चेंडू माथ्यावर पोचतो तिथे चित्रं दाटीने काढायची, जमिनीजवळ लांब लांब. सगळी अंतरं सारखी ठेवली की चेंडूला वजनच राहत नाही, तो दोरीने ओढल्यासारखा सरकतो. नवशिके बहुतेक इथेच फसतात. १२ चित्रांच्या नियमाला अपवाद एवढाच: खूप जलद हालचाल असेल, किंवा कॅमेरा पात्रासोबत सरकत असेल, तर २४ चित्रं काढलेली बरी. कॅमेरा सरकताना १२च काढली तर पार्श्वभूमी दर फ्रेमला सरकते आणि पात्र एकाआड एक फ्रेमला, म्हणून ते झटके खात चालल्यासारखं दिसतं.