नदी सरकली तर देशाची हद्दही सरकते का?

तुमचा प्रश्न असा आहे: दोन देशांची सीमा नदीच्या मधोमध असेल आणि नदीने पात्र बदललं, तर सीमा कुठे जाते? आणि शेजारी ऐकत नसेल तर आंतरराष्ट्रीय न्यायालयात दाद मागता येते का?

आधी ते ‘मधोमध’ काढून टाका. ज्या नदीतून जहाजं चालतात तिथे हद्द सहसा खोल पात्रातून जाते, म्हणजे जहाज ज्या चॅनलमधून चालतं त्यातून. कायद्याच्या पुस्तकात या रेषेला थालवेग म्हणतात. दोन काठांमधलं अंतर मोजायचं आणि निम्मं करायचं, हा समज शाळेच्या ॲटलासमधून येतो. त्या समजापायी १९८० साली माझ्या घरच्यांना जे सोसावं लागलं ते मी विसरलेलो नाही, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

मी रत्नागिरीकडचा. आमच्याकडे तेव्हा प्रत्येक वाडीतला कोणी ना कोणी बोटीवर असायचाच. मी एका मालवाहू जहाजावर थर्ड ऑफिसर होतो आणि सप्टेंबर १९८० मध्ये आमचं जहाज इराकमध्ये बसऱ्याला माल उतरवत होतं. बसरा समुद्रावर नाही, नदीवर आहे. तैग्रिस आणि युफ्रेटिस कुर्ना इथे एकत्र येतात आणि पुढे सुमारे २०० किलोमीटर वाहून आखातात मिळतात. या एकत्र नदीला अरब शत अल अरब म्हणतात, इराणी अरवंद रूद. वरच्या भागात दोन्ही काठ इराकचे. खोर्रमशहरच्या जवळ डावा काठ इराणचा होतो आणि तिथून मुखापर्यंत नदी हीच सीमा. म्हणजे बसऱ्याहून समुद्रात जायचं तर खोर्रमशहर आणि अबादान या दोन इराणी शहरांसमोरून जाण्यावाचून गत्यंतर नाही.

पायलट, म्हणजे नदीतून जहाज नेणारा वाटाड्या, चढला की ब्रिजवर, म्हणजे जहाज चालवायच्या खोलीत, मी त्याच्या शेजारी असायचो. ती नदी मी नीट पाहिली आहे. नदी वळते तिथे प्रवाह बाहेरचा काठ कापतो आणि आतल्या बाजूला गाळ टाकतो, म्हणून खोल पाणी कधी या काठाला, कधी त्या काठाला. त्यात खोर्रमशहरला कारून नदी येऊन मिळते, ती आपला गाळ ओतते. अबादानच्या तेलशुद्धीकरण कारखान्याच्या जेटी इतक्या जवळून जायच्या की तिथल्या माणसांचे चेहरे दिसत. समोरच्या काठावर मैलोन् मैल खजुराच्या बागा. ड्रेजर सतत गाळ काढत असायचे आणि भरती साधूनच वरखाली करावं लागायचं. अशा नदीत कोणी फूटपट्टी लावून मध्य काढला तर त्या रेषेवर जहाज गाळात रुतेल.

या नदीवरचं भांडण जुनं आहे. इराक तेव्हा तुर्कांच्या ताब्यात होता. १८४७ च्या एर्झुरूमच्या तहात तुर्कांनी इराणला खोर्रमशहर आणि अबादान दिलं, जहाजं नेण्याची मोकळीक दिली, पण नदी स्वतःकडे ठेवली. १९१३ च्या करारात तेच पक्कं झालं. १९३७ साली इराक आणि इराणने करार केला त्यातही हद्द बहुतेक ठिकाणी इराणी काठाच्या ओहोटीच्या रेषेला चिकटलेली, फक्त अबादानसमोरच्या छोट्या टप्प्यात खोल पात्रातून. एक काठ पूर्ण तुमचा, त्यावर तुमचं मोठं बंदर, आणि समोरचं पाणी दुसऱ्याचं. माझ्या मते हा उघड अन्याय होता. १९६९ च्या एप्रिलमध्ये इराणच्या शाहने परिस्थिती बदलल्याचं कारण देऊन तो करार झुगारला आणि आपलं मालवाहू जहाज इराणी झेंडा लावून, आरमाराच्या पहाऱ्यात नदीतून नेलं. शेवटी ६ मार्च १९७५ ला अल्जीयर्समध्ये शाह आणि तेव्हा इराकचे उपाध्यक्ष असलेले सद्दाम हुसेन यांनी हात मिळवले, आणि सबंध सीमेवर थालवेग मान्य झाला. जूनमध्ये बगदादला रीतसर तह झाला.

१७ सप्टेंबर १९८० ला सद्दामनी तो करार टीव्हीवर फाडला. नदी आता पूर्ण इराकची, इथून जाताना इराकचा झेंडा लावा, इराकी पायलट घ्या, असा आदेश सुटला. २२ तारखेला युद्ध सुरू झालं.

आमच्या जहाजाच्या पोटात अर्धा माल तसाच होता. क्रेनवरचे लोक हॅच उघडे टाकून पळाले. अबादानचा कारखाना पेटला तेव्हा दक्षिणेकडे भर दुपारी आभाळ काळं झालं आणि ते दिवसचे दिवस तसंच राहिलं. विमानं बसऱ्यावरही येऊ लागली. रात्री जहाजावर एकही दिवा नाही, जेवण अंधारात. समुद्राकडे जाणारा एकमेव रस्ता म्हणजे ती नदी, आणि तिच्या दोन काठांवर दोन सैन्यं. सत्तरच्या आसपास परदेशी जहाजं त्या नदीत अडकली. त्यातली कित्येक पुन्हा कधी चाललीच नाहीत. आम्हाला पुढे रस्त्याने कुवेतला नेलं, तिथून विमानाने मुंबईला. जहाज तिथेच राहिलं.

इकडे घरी काय झालं ते ऐका. कंपनीच्या ऑफिसातून बायकोला तार आली की जहाज इराकच्या हद्दीत सुरक्षित आहे. तिचे थोरले भाऊ म्हणजे माझे मेहुणे रत्नागिरीला वकिली करायचे. त्यांनी ॲटलास उघडला, निळ्या रेघेवर बोट ठेवलं आणि बहिणीला सांगितलं, “हे बघ, निम्मी नदी इराकची, निम्मी इराणची. जहाज इराकच्या बाजूला उभं आहे. त्याला कोण हात लावणार? आंतरराष्ट्रीय कायदा आहे.” ती बिचारी त्यावर विसंबून राहिली. पुढे रेडिओवर बसऱ्याचं नाव ऐकू येऊ लागलं तशी तिची झोप गेली. मी सुखरूप आहे हे तिला मी मुंबईत उतरून फोन केला तेव्हाच कळलं.

मी परत आल्यावर भत्त्याचा प्रश्न निघाला. ऑफिसचं म्हणणं असं की जहाज बंदरात, इराकच्या हद्दीत होतं, युद्धक्षेत्रात नव्हतं, तेव्हा त्या काळाचा युद्धभत्ता लागू नाही. मी मेहुण्यांना म्हटलं, तुम्ही वकील आहात, एक पत्र लिहून द्या. ते म्हणाले, “अहो, कायद्याने त्यांचं बरोबर आहे. हद्द ती हद्द. भावनेवर कायदा चालत नाही.” आमचा वाद तेव्हापासूनचा. माझं म्हणणं आजही तेच आहे: खलाशाच्या दृष्टीने जहाज कुठे उभं आहे याला काडीची किंमत नाही, बाहेर पडायचा रस्ता कोणाच्या तोफेसमोर आहे हे पाहायचं. बसऱ्याचा काठ इराकचा होता हे खरं, पण चॅनल दोघांचं होतं. ते बंद झालं तेव्हाच आम्ही युद्धात सापडलो. विमा कंपन्यांना हे कळलं होतं. जहाजाला कोणी खरचटलंही नसलं तरी वर्षभर अडकून पडल्यावर ते गमावल्यात जमा धरायचं, असा लंडनचा निवाडा याच नदीतल्या एका जहाजाच्या बाबतीत झाला. जहाजाच्या मालकाला तो न्याय मिळाला, खलाशाला नाही.

आता तुमचा प्रश्न. सर्वसाधारण नियम सोपा आहे. नदी हळूहळू, वर्षानुवर्षं एक काठ कापत आणि दुसऱ्या काठाला गाळ घालत सरकली, तर हद्द तिच्याबरोबर सरकते. पुरात एका झटक्यात जुनं पात्र सोडून दुसरीकडून वाहू लागली, तर हद्द जुन्या, कोरड्या पात्रातच राहते. अमेरिका आणि मेक्सिकोने रिओ ग्रांदेसाठी १८८४ साली हेच लिहून घेतलं. तरी एल पासोजवळच्या चामिझाल नावाच्या तुकड्यावर भांडण पेटलं, कारण १८६४ च्या पुरात नदी दक्षिणेला सरकली ती हळूहळू की अचानक, यावर एकमत होईना. १९११ मध्ये कॅनडाचे लाफ्लर यांच्या अध्यक्षतेखालच्या लवादाने बरीच जमीन मेक्सिकोला दिली, अमेरिकेने निवाडा मानला नाही, आणि मिटायला १९६३ उजाडलं. मग नदीलाच काँक्रीटच्या पात्रात बसवलं.

पण हा नियम करार गप्प असेल तेव्हाचा. करारात काही लिहिलं असेल तर तेच चालतं. शत अल अरबच्या १९७५ च्या करारात स्पष्ट लिहिलं आहे की खोल चॅनल नैसर्गिक कारणांनी सरकलं तर रेषही सरकेल. नदीने पात्रच बदललं आणि दोघांनी वेगळं काही ठरवलं नाही, तर एकाने दोन वर्षांच्या आत मागणी केल्यास दोघांच्या खर्चाने पाणी जुन्या पात्रात आणायचं. आपल्याकडे भारत–बांगलादेशमधल्या १९७४ च्या इंदिरा गांधी–मुजीबुर रहमान करारात त्रिपुरातल्या मुहुरी नदीबाबत उलट ठरलं: आखणीच्या वेळी प्रवाहाचा मध्य असेल ती रेष कायमची, नदी पुढे कुठेही जावो, आणि दोन्ही सरकारांनी आपापल्या बाजूला बांध घालून नदी जागेवर ठेवावी. म्हणून आधी करार वाचा, आणि कराराला जोडलेला प्रोटोकॉल तर वाचाच. खरं काय ठरलं ते बहुतेक वेळा तिथे असतं. नकाशा सगळ्यात शेवटी.

आंतरराष्ट्रीय न्यायालयात जाता येतं, पण एकट्याला नाही. दुसऱ्या देशाने त्या न्यायालयाचा अधिकार मानलेला हवा, तिथल्या तिथे किंवा आधीच्या एखाद्या तहात. बोत्सवाना आणि नामिबिया आपण होऊन गेले. चोबे नदीत कासिकिली नावाचं बेट आहे, बोत्सवानाचे लोक त्याला सेदुदू म्हणतात. वर्षातले काही महिने ते पाण्याखालीच असतं. बेटाच्या दोन्ही बाजूंनी नदी वाहते, त्यातलं मुख्य पात्र कोणतं एवढाच प्रश्न होता. न्यायालयाने खोली, रुंदी, पाण्याचा प्रवाह पाहिला आणि १३ डिसेंबर १९९९ ला उत्तरेचं पात्र मुख्य ठरवून बेट बोत्सवानाला दिलं. दोन्ही देशांच्या बोटींना दोन्ही पात्रांतून जाण्याची मोकळीक ठेवली. निकाल पाळला गेला.

मेहुणे अलीकडे दुसऱ्या टोकाला गेले आहेत. आता म्हणतात, आंतरराष्ट्रीय कायदा म्हणजे बळी तो कान पिळी. हेही मला मान्य नाही. १९७५ च्या तहात तंटा मिटवायची रीत लिहिलेली होती, बोलणी, मग मध्यस्थी, मग लवाद. ती न वापरता सद्दामनी सैन्य पाठवलं. आठ वर्षं युद्ध झालं, खोर्रमशहर उद्ध्वस्त झालं, दोन्हीकडची लाखो माणसं गेली. ऑगस्ट १९९० मध्ये कुवेत गिळल्यावर त्याच सद्दामनी इराणला पत्र लिहून १९७५ चा करार पुन्हा मान्य केला. म्हणजे रेष जिथे होती तिथेच. २०१९ मध्ये इराणचे अध्यक्ष रोहानी बगदादला गेले तेव्हाही दोन्ही सरकारांनी तोच करार पाळायचं आणि नदीतला गाळ काढायचं ठरवलं. देशादेशांमधल्या करारांचे नियम ठरवणाऱ्या १९६९ च्या व्हिएन्ना करारातही स्पष्ट म्हटलं आहे की परिस्थिती बदलली या कारणाने सीमेचा करार मोडता येत नाही. शाहचा युक्तिवाद त्यामुळे आज टिकणार नाही, आणि करार मोडणारे दोघेही माझ्या दृष्टीने सारखेच दोषी. कायदा मोडता येतो म्हणून तो नसतोच असं म्हणणं वकिलाला शोभत नाही. तो मोडला की आधी नदीतल्या, काठावरच्या माणसांना भोगावं लागतं, आणि नंतर सही करताना पुन्हा त्याच रेषेवर यावं लागतं.

तुम्ही कायद्याचा अभ्यास करत असाल तर एक करा. कोणत्याही नदीसीमेबद्दल वाचताना गाळ कोण काढतो, पायलट कोणाचा, कर कोणाला जातो, हे शोधा. मालकीचं भांडण सुरू होतं ते तिथे. मेहुण्यांनी ॲटलासऐवजी यातलं एक जरी पाहिलं असतं तर बहिणीला खोटा धीर दिला नसता.

दोन गोष्टी राहिल्या. वर लिहिलेलं थालवेगचं सगळं जहाजं चालणाऱ्या नद्यांसाठी. डोंगरातल्या, उथळ, बोट न चालणाऱ्या नदीत साधी मध्यरेषा धरण्याचीच पद्धत आहे, आणि नदीवर पूल असेल तर पुलावरची हद्द अनेकदा वेगळी, पुलाच्या मध्यावर ठरवतात. दुसरं, भारत–नेपाळचा काली नदीचा वाद या उत्तरात बसत नाही. १८१६ च्या सुगौलीच्या तहात काली ही हद्द ठरली, पण तिथे भांडण नदी सरकल्याचं नसून तिचा उगम कोणता धरायचा याचं आहे. त्यावर वेगळा प्रश्न टाका.