समेट चालू असताना शिफ्ट बदलली तर?

दादा, चाकणच्या प्लांटमध्ये मागण्यांवर समेट चालू असताना मालकाने शिफ्ट बदलली तर काय करायचं, असं तुम्ही विचारलंत. आधी एवढंच सांगतो: लगेच कोर्टाकडे धावू नका. नव्या मंडळींची गाडी हमखास इथेच अडते.

समेट अधिकाऱ्यापुढे (मालक-कामगार वादात तडजोड घडवणारा सरकारी अधिकारी) कार्यवाही सुरू असताना, वादाशी संबंधित सेवाशर्ती, म्हणजे शिफ्टसारख्या कामाच्या अटी, कामगाराला तोटा होईल अशा बदलायच्या तर मालकाला त्याच अधिकाऱ्याची लेखी परवानगी लागते. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात हे कलम ३३ होतं, आताच्या औद्योगिक संबंध संहितेत ते कलम ९० आहे. परवानगीशिवाय बदल केला, तर पहिली लेखी तक्रार समेट अधिकाऱ्याकडेच. तो निवाडा देत नाही, पण तडजोड घडवताना ती तक्रार त्याला विचारात घ्यावीच लागते. निवाड्याचं काम औद्योगिक न्यायाधिकरणाचं.

म्हणून आत्ता एवढं करा:
- नोटीस बोर्डावरच्या जुन्या आणि नव्या, दोन्ही शिफ्ट-पत्रकांचे तारखेसह फोटो.
- तक्रारीत बदलाचा मूळ मागणीशी संबंध स्पष्ट लिहा. बहुतेक अर्ज इथेच लंगडे पडतात.
- पुण्यात शिवाजीनगरच्या कामगार कार्यालयात अर्ज दिलात की आपल्या प्रतीवर आवक शिक्का मारून घ्या.

रागाच्या भरात काम बंद करू नका, समेटाच्या काळात संप बेकायदेशीर ठरतो. पहिला अर्ज लिहिलात की दाखवा, मी नीट वाचून देईन.