मलबार सरावात हुकूम कोणाचा चालतो?

प्रश्न : मी सोलापुरात अकरावी सायन्सला आहे. बातम्यांत मलबार सराव पाहिला. चार देशांच्या जहाजांना हुकूम देणारी अधिकारी व्हायचंय. कोणता कोर्स करू? इंग्रजी बेताचंच आहे. गणित सोडून बायोलॉजी ठेवलं तर चालेल का?

उत्तर : गणित सोडू नकोस. एनडीएतून, म्हणजे पुण्याजवळच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीतून, नौदलात जायला बारावीला फिजिक्स, केमिस्ट्री आणि गणित लागतंच.

आता हुकुमाचं. मलबार हा नौदलांचा संयुक्त सराव 1992 साली भारत आणि अमेरिका या दोघांत सुरू झाला. जपान 2015 पासून कायमचा आला, ऑस्ट्रेलिया 2020 पासून. पण या चौघांचा मिळून एक सेनापती नसतो. आपलं जहाज आपल्याच नौदलाच्या हुकमतीत राहतं. आधी बैठकांत आराखडा ठरतो. मग बंदरातला टप्पा : अधिकारी एकमेकांच्या जहाजांवर जातात, कोणत्या रेडिओ लहरीवर बोलायचं, हेलिकॉप्टर उतरताना कोणी किती अंतर ठेवायचं, हे पक्कं करतात. समुद्रात एकेका कवायतीची सूत्रं एकेका अधिकाऱ्याकडे दिली जातात.

नाटो या अमेरिका-युरोपच्या लष्करी आघाडीचं वेगळं. त्यांचं सागरी मुख्यालय लंडनजवळ नॉर्थवुडला कायमचं आहे. बहारीनमधल्या बहुराष्ट्रीय नौदल दलाचा प्रमुख अमेरिकी व्हाइस ॲडमिरल असतो, पण त्याखालच्या टास्क फोर्सचं, म्हणजे ठरावीक कामाच्या तुकड्यांचं, नेतृत्व देशादेशांत फिरतं. भारत 2023 मध्ये तिथला पूर्ण सदस्य झाला. मला हीच पद्धत जास्त आवडते. आज ज्याचं ऐकलं, त्यालाच उद्या सांगायची पाळी येते, त्यामुळे कोणी फार ताठ राहत नाही.

असे हुकूम देण्यासाठी वेगळा कोर्स नाही. कोणी तसला डिप्लोमा विकत असेल तर वडिलांचे पैसे वाचव. ही जबाबदारी जहाजावर बरीच वर्षं काढल्यावर मिळते.

एनडीएची परीक्षा यूपीएससी वर्षातून दोनदा घेते, बारावीत शिकणाऱ्यांनाही बसता येतं. मुलींची पहिली तुकडी 2022 मध्ये दाखल झाली. दुसरी वाट जेईई मेनच्या गुणांवरून नौदलाच्या बी.टेक. कॅडेट प्रवेशाची. तिला फिजिक्स, केमिस्ट्री, गणितात मिळून 70 टक्के आणि इंग्रजीत 50 टक्के लागतात. म्हणजे बेताचं इंग्रजी अडचण नाही, पण बोलायचा सराव आत्तापासून हवा. एसएसबीच्या, म्हणजे सैन्यदलांच्या निवड मंडळाच्या, मुलाखतीत आणि गटचर्चेत गप्प बसून भागत नाही.

पोहता येतं का, ते पत्रात लिहिलं नाहीस. येत नसेल तर मे महिन्यात शिकून घे. सोलापूरच्या उन्हात तसंही पाण्याबाहेर काही सुचत नाही.