काळ आणि आवाज एकदमच थांबले, तर त्याला काय म्हणावं?

प्रश्न असा आला आहे: एका कथेत अशी कल्पित घटना घडते की काळ थांबतो आणि त्याच क्षणी सगळे आवाजही. नळातून सुटलेला थेंब अधांतरी राहतो, कुकरची शिट्टी मध्येच तुटते. या घटनेला एका शब्दाचं मराठी नाव हवंय. विचारणाऱ्यांनी स्वतः 'कालध्वनिस्थगिती' असा शब्द जुळवला आहे, पण तो त्यांनाच रुचलेला नाही.

मलाही तो जड वाटतो. स्थगिती म्हटलं की कोर्टच आठवतं. शिवाय 'काल' आणि 'ध्वनी' हे दोन्ही नावात घालायची गरज नाही, कारण मराठीत ते केव्हाच एकत्र आलेले आहेत. आपण वेळ कशी विचारतो? "किती वाजले?" मोबाइलवर नुसते मुके आकडे दिसत असले तरी आपले आठ 'वाजतात', आणि उशिरा आलेल्याला "किती वाजलेत बघ" असंच म्हणतो. पूर्वी वेळ बघायची नव्हती, ऐकायची होती. भोक असलेली वाटी पाण्यात सोडायची, ती भरून बुडाली की एक घटका, म्हणजे 24 मिनिटं झाली, आणि मग टोला द्यायचा. 'घड्याळ' हा शब्दही या घटकेच्याच कुळातला. तेव्हा काहीच वाजू शकत नाही अशा जागी किती वाजले हा प्रश्नच उरत नाही. भौतिकशास्त्रही वेगळं सांगत नाही: सूर म्हणजे सेकंदाला अमुक इतकी कंपनं. सेकंदच सरकत नसेल, तर सूर कुठून येणार? काळ थांबवला की आवाज थांबलाच. तो वेगळा सांगावा लागत नाही.

उलट बाजूने मात्र हे चालत नाही. निःशब्द, नीरव, सामसूम, चिडीचूप या सगळ्यांत आवाज गेलेला असतो, पण काळ चालूच असतो. खरं तर सामसूम झाली की भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक जास्तच ऐकू येते. 'शुकशुकाट' तर माणसं नसल्याचा शब्द आहे.

'स्तब्ध' मात्र फार जवळ येतो. श्रद्धांजलीच्या वेळी "दोन मिनिटं स्तब्ध उभे राहू या" म्हणतात तेव्हा हलायचं नसतं आणि बोलायचंही नसतं. एकाच शब्दात दोन्ही! मूळ संस्कृत अर्थ खांबासारखं ताठ झालेलं. स्तंभही त्याच धातूचा. गीतेच्या सोळाव्या अध्यायात 'स्तब्ध' येतो तो ताठर, गर्विष्ठ माणसासाठी. आपल्याकडे तो ताठपणा गेला आणि शांतता आली, हा बदल मला फार सुंदर वाटतो. याच घरातला 'स्तंभन' हा शब्दही आहे: युद्धाच्या शेवटी दुर्योधन डोहात लपतो ते पाण्याचं स्तंभन करून. तुमच्या कथेत कुणी मांत्रिक किंवा शास्त्रज्ञ मुद्दाम काळ थांबवत असेल, तर 'कालस्तंभन' बिनधास्त वापरा. पण स्तंभनाला करणारा लागतो. आपोआप घडणाऱ्या गोष्टीला तो शब्द शोभत नाही.

अशा वेळी मी 'थिजणे' या क्रियापदाकडे वळेन. 'गोठणे' नको, खाती गोठवण्यापासून वेतनवाढ गोठवण्यापर्यंत तो इंग्रजीच्या सावलीत फार वापरला गेलाय, आणि त्याला कडाक्याची थंडी लागते. थिजणं घरातलं आहे. खोबरेल तेल साधारण 24 अंशांच्या खाली आलं की बाटलीत थिजतं. तूप वाटीत थिजतं. नजर थिजते, आणि किंकाळी घशात थिजते, म्हणजे आवाजालाही हे क्रियापद आधीपासून चालतं. शिवाय थिजलेलं पुन्हा पातळ होतं. बाटली उन्हात ठेवली की झालं. तुमच्या कथेत काळ पुन्हा सुरू होणार असेल, तर ती सोयही या शब्दातच आहे.

घसरण्यावरून घसरण, तशी थिजण्यावरून 'थिजण'. शब्द मी घडवतोय, पण घडण मराठीच आहे. स्त्रीलिंगी ठेवा: ती थिजण, थिजणीत, थिजणीआधी.

राहिलं क्रियापद, आणि नवं नाम रुळतं की नाही हे बरंचसं त्यावरच ठरतं. अंधार पडतो, थंडी पडते, दुष्काळ पडतो. 'थिजण पडली' मला ओढूनताणून वाटतं. पण ग्रहण लागतं आणि सुटतं. उचकी लागते, तंद्री लागते, समाधी लागते. आपल्या हातात नसलेलं, आपल्याला धरून ठेवणारं आणि मग सोडणारं जे काही असतं, ते मराठीत बहुधा 'लागतं'. म्हणून थिजणही लागू द्या आणि सुटू द्या. वाक्य असं होईल: "सकाळी आठ वाजता वाड्यात थिजण लागली. आठाचे पाच ठोके पडले होते. सुटली तेव्हा उरलेले तीन पडले."