गर्भातील बाळाच्या किडनीला ‘सूज’ दिसते तेव्हा

गर्भारपणाच्या १८ ते २२ आठवड्यांच्या दरम्यान होणाऱ्या सविस्तर सोनोग्राफीनंतर माझ्याकडे येणारी जोडपी एक प्रश्न वारंवार विचारतात : ‘बाळाच्या किडनीला सूज आहे असे सांगितले आहे, आता पुढे काय?’ दर शंभर गर्भारपणांत साधारण एक ते दोन वेळा मूत्रपिंडाचा मधला भाग, ज्याला डॉक्टर ‘रीनल पेल्व्हिस’ म्हणतात, नेहमीपेक्षा रुंद दिसतो. इतकी नित्याची बाब असूनही अहवाल हातात पडलेल्या आईवडिलांना मात्र हे आपल्याच वाट्याला का आले, असे वाटत राहते. येथे ज्या जोडप्याचा अनुभव सांगते आहे, त्यांची ओळख पटू नये इतपत तपशील बदलले आहेत.

विसाव्या आठवड्याच्या तपासणीत त्यांच्या बाळाच्या डाव्या बाजूची पेल्व्हिस ५.६ मिलिमीटर आणि उजवी ३ मिलिमीटर भरली होती. अहवालातील त्या ओळीखाली पेनाने दोनदा रेघ ओढलेली होती. त्याच पानावर खाली ‘गर्भजल पुरेसे, मूत्राशय व्यवस्थित, मूत्रवाहिन्या दिसत नाहीत (म्हणजे फुगलेल्या नाहीत), इतर कोणताही दोष नाही’ असे लिहिलेले होते आणि ते दोघांपैकी कोणीही नीट वाचलेले नव्हते. तिचा पहिला प्रश्न स्वतःला दोष देणारा होता. ती म्हणाली, “मॅडम, सुरुवातीचे तीन महिने मला खूप उलट्या होत होत्या, पाणीसुद्धा पोटात ठरत नव्हते. त्यामुळे बाळाची किडनी बिघडली का?” नवऱ्याने बराच वेळ गप्प राहून मग विचारले, “हे गर्भारपण पुढे न्यायचे की नाही, हे आम्हाला आताच ठरवावे लागेल का?”

दोन्ही प्रश्नांचे उत्तर ‘नाही’ असे होते आणि ते मी आधी स्पष्ट शब्दांत दिले, कारण हे दोन प्रश्न मनात घोळत असताना पुढचे काहीही कानात शिरत नाही. उलट्या, आहार, कामाची दगदग किंवा पाणी कमी-जास्त पिणे यांमुळे बाळाच्या मूत्रमार्गात दोष निर्माण होत नाही. त्याचप्रमाणे कोणत्याही औषधाने, पथ्याने किंवा विश्रांतीने ही रुंदी कमी करता येत नाही. हे ऐकल्यावर काही जणी निराश होतात, परंतु बहुतेकींच्या मनावरचे ओझे उतरते, असे मी पाहत आले आहे.

त्यानंतर कागदावर आकृती काढून मी त्यांना मूत्रपिंडाची रचना समजावली. मूत्रपिंडात तयार झालेली लघवी आधी छोट्या कप्प्यांत आणि तेथून एका नरसाळ्यासारख्या पोकळीत जमते. ही पोकळी म्हणजेच पेल्व्हिस. तिच्या निमुळत्या टोकापासून मूत्रवाहिनी निघून मूत्राशयाला मिळते. गर्भ साधारण दहाव्या आठवड्यापासून लघवी तयार करू लागतो आणि सोळाव्या आठवड्यानंतर गर्भजलाचा मोठा वाटा या लघवीचाच असतो. म्हणून ‘गर्भजल पुरेसे’ हे दोन शब्द, म्हणजे मूत्रपिंडे काम करीत आहेत आणि लघवी बाहेर पडते आहे, याचा पुरावाच असतो. शिवाय जन्मापर्यंत बाळाच्या रक्तातील टाकाऊ द्रव्ये वारेमार्फत आईच्या रक्तात जातात. त्यामुळे बाळाच्या अंगात विषारी द्रव्ये साचत असतील, ही भीतीही त्यांनी मनातून काढून टाकावी, असे मी सांगितले.

या विषयात आकड्याचा अर्थ आठवड्यांवर अवलंबून असतो. २०१४ मध्ये अनेक वैद्यकीय संघटनांनी मिळून ठरवलेल्या निकषांनुसार २८ आठवड्यांच्या आधी पेल्व्हिसची पुढून मागे मोजलेली रुंदी ४ मिलिमीटरपेक्षा कमी आणि २८ आठवड्यांनंतर ७ मिलिमीटरपेक्षा कमी असावी अशी अपेक्षा असते. पहिल्या काळात ४ ते ७ आणि नंतरच्या काळात ७ ते १० ही मापे, इतर काही वावगे नसल्यास, कमी जोखमीच्या गटात मोडतात. त्यापुढची मापे, बाहेरच्या कप्प्यांपर्यंत पोचलेला फुगवटा, मूत्रपिंडाचा पातळ झालेला, लघवी तयार करणारा थर, रुंद दिसणारी मूत्रवाहिनी, जाड भिंतीचे मूत्राशय किंवा कमी झालेले गर्भजल यांपैकी काहीही असेल तर गट बदलतो. गर्भाचे मूत्राशय साधारण अर्ध्या तासाने भरते आणि रिकामे होते, त्यामुळे एकाच बैठकीत घेतलेली दोन मापेही वेगळी येऊ शकतात. ५.६ आणि ५.१ यांतील फरकावर रात्र जागून काढण्यात अर्थ नाही, हे मी जवळपास प्रत्येक जोडप्याला सांगते.

नवऱ्याला टक्केवारी हवी होती, आणि ती मागण्याचा त्याला हक्क होता. २००६ साली अनेक अभ्यासांचे निष्कर्ष एकत्र करून प्रसिद्ध झालेल्या विश्लेषणात सौम्य फुगवटा असलेल्या बाळांपैकी सुमारे १२ टक्क्यांमध्ये जन्मानंतर मूत्रमार्गाचा काही दोष आढळला. मध्यम फुगवट्यात हे प्रमाण सुमारे ४५ टक्के आणि तीव्र फुगवट्यात ८८ टक्के होते. येथे दोष म्हणजे मूत्रपिंड निकामी होणे असे समजू नये. पेल्व्हिस आणि मूत्रवाहिनी यांच्या सांध्यावरचा अडथळा, मूत्राशयातून लघवी उलट वर चढणे अशा बाबी त्यात येतात. त्यांपैकी अनेक केवळ देखरेखीखाली बऱ्या होतात.

इंटरनेटवर वाचून त्याने डाऊन सिंड्रोमचाही विषय काढला. बाकी सर्व रचना व्यवस्थित असताना केवळ सौम्य रुंदी दिसली, तर त्या एका गोष्टीने डाऊन सिंड्रोमची शक्यता फारशी वाढत नाही. तिच्या रक्ताची चाळणी चाचणी आधीच झाली होती आणि तिचा निष्कर्ष कमी जोखमीचा होता. त्यामुळे सुईने गर्भजल काढून तपासण्याची गरज नाही, असे तिच्या स्त्रीरोगतज्ज्ञांचेही मत होते. चाचणी झालेलीच नसेल किंवा सोबत दुसरी एखादी खूण दिसली असेल, तर मात्र ही चर्चा सविस्तर व्हायला हवी.

तिला दर आठवड्याला सोनोग्राफी करून हवी होती. मी तिला त्यापासून परावृत्त केले. दर आठवड्याच्या मापातील किरकोळ चढउतारांनी मन अधिकच अस्वस्थ होते आणि त्यातून कोणताही निर्णय निघत नाही. या गटासाठी ३२ आठवड्यांच्या सुमारास एकदा तपासणी पुरते. ती तपासणी झाली त्या दिवशी संध्याकाळी तिचा फोन आला आणि रडण्यामुळे सुरुवातीला तिचे शब्दच कळेनात. डावी पेल्व्हिस ८.४ मिलिमीटर झाली होती. ५.६ वरून ८.४ म्हणजे दुखणे वाढले, असा तिने अर्थ लावला होता. वास्तविक बाळ वाढले होते, मूत्रपिंड वाढले होते आणि मोजण्याची मर्यादाही पुढे सरकली होती. बाळ होते त्याच कमी जोखमीच्या गटात राहिले होते. तिच्या पहिल्या भेटीत हीच शक्यता आम्ही कागदावर लिहून ठेवली होती. तो कागद तिने फोनवर बोलता बोलता शोधला आणि मोठ्याने वाचला. या कारणासाठी प्रसूती लवकर किंवा सिझेरियनने करण्याची आवश्यकता नव्हती. बाळ पूर्ण दिवसांचे झाले.

माझ्या मते या प्रश्नात खरी काळजी घेण्याची वेळ येथून सुरू होते. जन्माआधी भीती प्रमाणाबाहेर असते आणि जन्मानंतर, बाळ दूध पिते आहे, लघवी करते आहे, हे पाहून ती एकदम इतकी ओसरते की तपासण्याच चुकतात. पहिल्या दोन दिवसांत नवजात बाळाची लघवी कमी असते, त्यामुळे त्या काळात केलेल्या सोनोग्राफीत फुगवटा आहे त्याहून कमी दिसू शकतो. म्हणून पहिली तपासणी ४८ तास उलटल्यानंतर आणि महिन्याच्या आत करतात. या बाळाची ती पाचव्या दिवशी झाली आणि डावी पेल्व्हिस जेमतेम ४ मिलिमीटर दिसली. घरच्यांनी ‘आता पुन्हा तान्ह्या बाळाला कशाला न्यायचे’ असे म्हणून विषय संपवला होता. पहिली तपासणी चांगली आली तरी दुसरी टाळायची नसते, कारण अडथळा हळूहळू उघड होऊ शकतो. ही गोष्ट मी यावेळी तिच्या सासूबाईंनाही समोर बसवून समजावली.

आणखी एक सूचना मी सर्वच आईवडिलांना देते. अशा बाळाला सर्दी-खोकल्यासारखे उघड कारण नसताना ताप आला, ते दूध पिईनासे झाले किंवा वारंवार उलट्या करू लागले, तर अँटिबायोटिक सुरू करण्याआधी लघवीची तपासणी व्हायला हवी. तीन महिन्यांच्या आतील बाळाला ३८ अंश सेल्सिअस किंवा अधिक ताप असेल, तर त्याच दिवशी, वाट न पाहता, डॉक्टरांना दाखवावे.

तिसऱ्या महिन्यातील तपासणीत माप ९ मिलिमीटर आले, कप्पे रुंद नव्हते आणि मूत्रवाहिनीही दिसत नव्हती. जन्मानंतर १० मिलिमीटरच्या आतील माप सहसा नेहमीचे धरले जाते. बालमूत्रविकारतज्ज्ञांनी अँटिबायोटिक दिले नाही, मूत्राशयात नळी घालून करायची तपासणीही सुचवली नाही. वर्षाच्या आत एकदा सोनोग्राफी करायला सांगितले.

सर्वांचेच असे होत नाही. दुसऱ्या एका बाळाचे माप २४ व्या आठवड्यात ११ आणि ३३ व्या आठवड्यात १९ मिलिमीटर होते आणि कप्पेही फुगलेले होते. जन्मानंतर केलेल्या रेनोग्राममध्ये, म्हणजे दोन्ही मूत्रपिंडे किती काम करतात हे दाखवणाऱ्या स्कॅनमध्ये, त्या बाजूचे काम घटत चालल्याचे दिसले. त्यामुळे अडथळ्याचा भाग काढून सांधा नव्याने जोडण्याची शस्त्रक्रिया करावी लागली. ही शस्त्रक्रिया ९० टक्क्यांहून अधिक बाळांमध्ये यशस्वी होते आणि ते बाळही तिच्यानंतर सावरले. मुलग्यांमध्ये मूत्राशयाच्या तोंडाशी पडद्यासारखा अडथळा असेल, दोन्ही मूत्रपिंडे फुगलेली असतील आणि गर्भजल घटत असेल, तर मात्र परिस्थिती गंभीर असते. गर्भजल कमी असल्यास फुप्फुसांची वाढही खुंटते. तेथे ४८ तास थांबायचे नसते. प्रसूती बालशल्यचिकित्सक उपलब्ध असलेल्या ठिकाणीच ठरवावी लागते आणि त्या जोडप्याशी होणारे बोलणेही निराळे, अधिक सावकाश असते.

प्रसूतीपूर्वीच्या शेवटच्या भेटीत मी आता एक काम आवर्जून करून घेते. सोनोग्राफीचे अहवाल आईच्या फाइलमध्ये राहतात आणि बाळाची फाइल नव्याने सुरू होते, तेव्हा तिच्यात या गोष्टीचा उल्लेखच नसतो. म्हणून दोन्ही अहवालांच्या प्रती काढून, वर जन्मानंतरच्या दोन्ही तपासण्यांचा कालावधी लिहून, त्या बालरोगतज्ज्ञांना पहिल्याच दिवशी द्यायला मी सांगते.