मेक्सिकन कॉमिक्स मागवताय? फॉर्मवर 'अ‍ॅडल्ट' लिहू देऊ नका

तुमचा प्रश्न वाचून पोटात कालवलं. मेक्सिकोतली मैत्रीण 'एल लिब्रो वाकेरो' या काउबॉय कॉमिकचे जुने अंक पाठवतेय आणि पार्सलच्या फॉर्मवर काय लिहू, असं विचारतेय. बाकी सोपस्कार तुम्हाला ठाऊक असतीलच. फक्त 'अ‍ॅडल्ट कॉमिक्स' लिहू देऊ नका.

आम्ही तेच लिहिलं होतं. एकवीस अंक होते. इथल्या एका कार्यालयात मी पाच खेपा घातल्या. खिडकीवरच्या साहेबांनी एकही अंक उघडला नाही, प्रत्येक वेळी त्या शब्दावरच बोट ठेवलं. पार्सल परत पाठवलं गेलं आणि वाटेत गहाळ झालं. त्यात 'ला फामिलिया बुर्रोन' (बुर्रोन कुटुंब) या कॉमिकचे सहा अंक होते, ते आजतागायत पुन्हा मिळाले नाहीत.

तिकडे मोठ्यांची कॉमिक्स म्हणजे कष्टकऱ्यांचं रोजचं वाचन असायचं. १९३६ साली निघालेलं 'पेपिन' इतकं खपलं की लोक कुठल्याही कॉमिकला पेपिनच म्हणू लागले. १९४४ मध्ये सरकारने अशा मासिकांवर तपासणी मंडळ नेमलं, तरी वाचक हटले नाहीत. गाब्रिएल वार्गास यांचं बुर्रोन कुटुंब १९४८ पासूनचं. न्हावी रेखिनो, त्याची खटपटी बायको बोरोला, भाड्याची ओढाताण, सामाईक अंगण. वाचताना आपली चाळच डोळ्यांपुढे येते. व्यंगचित्रकार रिउस यांनी १९६५ मध्ये 'लोस सुपरमाचोस' काढून एका गावाच्या गोष्टीतून सत्ताधाऱ्यांना धारेवर धरलं. हे सगळं एका शब्दापायी अश्लील ठरावं, याचा मला अजून संताप येतो.

'वाकेरो' १९७८ चं. तळहाताएवढा अंक, पानावर एक-दोनच चित्रं, आत काउबॉय, सूड आणि प्रेम. मुखपृष्ठावर कमी कपड्यातल्या बायका असतात, ते मी नाकारत नाही. म्हणून मैत्रिणीला आधी अंक चाळायला सांगा. ज्याबद्दल शंका वाटेल तो वगळा. खोटं काही लिहू नका. 'वापरलेली जुनी चित्रकथा मासिकं' हे खरंही आहे आणि पुरेसंही. सोबत नावांची यादी जोडा. मी वकील नाही, नियमही बदलतात, तेव्हा आताचे नियम स्वतः तपासा.

जमलं तर 'कालिमान'चे एक-दोन अंक मागवाच. आधी रेडिओवर गाजलेला आणि १९६५ पासून कॉमिकमध्ये आलेला हा नायक कालीमातेच्या वंशातला सातवा पुरुष, डोक्यावर पांढरा फेटा. आणि दुर्मीळ अंक वेगळ्या पाकिटात पाठवायला सांगा. रबरबँड नको, त्या कागदाच्या कडा लगेच फाटतात.