रिव्हॅलचा (पेपरच्या फेरतपासणीचा) निकाल चार महिने झाले तरी लागत नाही. युनिव्हर्सिटीविरुद्ध कोर्टात जाता येतं का?

येतं. पण आधी सांगा, त्या विषयाचा पुढच्या परीक्षेचा फॉर्म भरलात का? नसेल तर उरलेलं उत्तर नंतर वाचा, आधी तो भरा. मी भरला नव्हता. सहा मार्कांनी विषय राहिला होता, रिव्हॅलमध्ये सुटणारच म्हणून निवांत बसलो. रिव्हॅलचा निकाल आला तोवर केटीची (राहिलेल्या विषयाची) परीक्षा होऊन गेली होती. निकाल काय, तर 'नो चेंज'. एका फॉर्मपायी वर्ष गेलं.

आता कोर्टाचं. 'मार्क कमी दिले' ही तक्रार घेऊन जाऊ नका. पेपर पुन्हा तपासण्याच्या भानगडीत कोर्ट सहसा पडत नाही. रणविजय सिंह खटल्यात 2017 साली सुप्रीम कोर्टाने तेच बजावलंय. 'निकालच देत नाहीत' ही तक्रार मात्र वेगळी. त्यासाठी राज्यघटनेच्या कलम 226 खाली हायकोर्टात रिट, म्हणजे युनिव्हर्सिटीला आदेश द्या असा अर्ज, करता येते. मागणी एवढीच ठेवायची की मार्क किती द्यायचे ते युनिव्हर्सिटीने ठरवावं, पण अमुक तारखेच्या आत ठरवावं. पुढचा प्रवेश अडला असेल तर निकाल लागेपर्यंत तात्पुरता प्रवेशही त्याच अर्जात मागा.

कुणी ग्राहक मंचात (आताच्या ग्राहक आयोगात) जा म्हणेल. परीक्षा घेणं ही 'सेवा' नाही, असं सुप्रीम कोर्टाने 2009 मध्येच बिहार बोर्डाच्या प्रकरणात म्हटलंय, तेव्हा तिथे चपला झिजवू नका.

खरी गंमत अशी की हायकोर्टात पहिला प्रश्न तुम्हालाच येतो: युनिव्हर्सिटीकडे लेखी काय मागितलंत? परीक्षा भवनाच्या खिडकीवर घातलेल्या चकरांना पुरावा नसतो. म्हणून निवेदन द्या आणि दुसऱ्या प्रतीवर आवकचा शिक्का घ्या. शिक्का देत नसतील तर स्पीड पोस्टाने पाठवा. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) 2023 च्या नियमांप्रमाणे विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडे जाता येतं, तिला 15 कामाचे दिवस असतात; तिच्यावर अपील युनिव्हर्सिटीच्या लोकपालाकडे.

सोबत 10 रुपयांचा माहिती अधिकाराचा अर्ज टाका. 'निकाल का लागला नाही' असं विचारू नका, गुळमुळीत उत्तर येईल. माझी उत्तरपत्रिका परीक्षकाकडे कोणत्या तारखेला गेली, कोणत्या तारखेला परत आली, एवढंच विचारा. 30 दिवसांत उत्तर द्यावं लागतं. माझ्या वेळी हाच कागद उपयोगी पडला: पेपर परीक्षकाकडे गेलाच नव्हता, कपाटातच होता!

महाराष्ट्राच्या विद्यापीठ कायद्यातली 45 दिवसांची मुदत लोक छातीठोकपणे सांगतात, पण ती मूळ निकालाची. रिव्हॅलची मुदत तुमच्या युनिव्हर्सिटीच्या नियमांत किंवा परिपत्रकात शोधा. सापडली तर रिटच्या अर्जाला आधी तीच जोडा.

वकिलाच्या फीची चिंता असेल तर तुमच्यासारखेच अडकलेले चार-पाच जण मिळून एकच वकील गाठा. मुली आणि एससी-एसटी विद्यार्थ्यांना उत्पन्न कितीही असलं तरी विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळू शकतो. अर्ज हायकोर्टाच्या आवारातच करता येतो.